आईचा घसा

"प्रेक्षकहो, मनात येईल ते लिहा," असं ठमीने सांगितलं होतं, आणि प्रेक्षकांनी तिचा शब्द पाळला.

ती रंगमंचावर स्टुलावर बसली होती. प्रेक्षक आपापल्या मोबाइलवरून वाक्य पाठवत. मागच्या स्पीकरमधून ते तिच्या आईच्या आवाजात बाहेर पडे आणि ठमी त्यावर नुसते ओठ हलवी. आपण बोलतो तेव्हा आपल्या तोंडून नक्की कोण बोलतं, असा तिच्या प्रयोगाचा प्रश्न होता. आवाज घडवायला तिने आईचे चार वर्षांचे निरोप यंत्राच्या घशात घातले होते. आईला टाइप करणं जमत नसे, म्हणून ती सगळं बोलूनच पाठवायची: खोकला गेला का, नळ दुरुस्त झाला, मी घरी पोचले. त्यातले निम्मेअधिक निरोप ठमीने उघडलेही नव्हते. यंत्राने मात्र सगळे ऐकले. आणि परवानगी? आईला कसली आलीये परवानगी विचारायची!

आज आई तिसऱ्या रांगेत होती, ठेवणीतले कपडे घालून. "प्रयोग तुझ्यावरच आहे, ये," एवढंच ठमीने तिला कळवलं होतं.

पहिली दहा मिनिटं बरी गेली. मग आईचा आवाज लाडात येऊन म्हणाला, "मला दुसरं लग्न करायचंय, कोणी स्थळ सुचवा हो!"

सभागृह खो खो हसलं. मग काय, माकडाच्या हाती कोलीत. आईच्या आवाजाने शिव्या दिल्या, कोणाची तरी माफी मागितली, कुत्र्यासारखं भुंकून दाखवलं. आवाज बंद करायचं बटण ठमीच्या पायाशीच होतं. पण टाळ्या पडत होत्या, आणि तिला त्या हव्या होत्या. तिचे ओठ हलत राहिले.

तिसऱ्या रांगेत आई खाली मान घालून पर्सची चेन उघडमीट करत होती.

प्रयोग संपल्यावर ठमी गर्दीतून वाट काढत तिच्यापाशी आली. शेजारच्या बाईने ठमीकडे बघत आईला विचारलं, "काय धमाल, नाही? तुम्ही कोण यांच्या?"

आईने गळ्याला हात लावला आणि मान हलवली.

"अरेरे, घसा बसलाय वाटतं!"

आईने हो म्हणून खूण केली.

सकाळी फोनवर तो घसा ठणठणीत होता. आता मात्र तिच्या तोंडून एक शब्द निघाला असता, तर सगळं सभागृह वळून बघणार होतं. ठमीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "आई, मी..." ती बोलू लागली. आईने तिच्या गालावरून हात फिरवला, बोटाला लागलेला रंग रुमालाला पुसला आणि ती बस गाठायला निघून गेली.

संध्याकाळी ठमी फोन समोर ठेवून बसली. आईचा निरोप आला की या वेळी लगेच ऐकायचा, असं तिने ठरवलं होतं.

पडद्यावर आईच्या नावाखाली 'लिहीत आहे' असं उमटलं. मिटलं. परत उमटलं. दहा मिनिटं तेच चाललं होतं. मग एकच शब्द आला.

'पोचले.'