खुर्च्यांवरचं प्लास्टिक
आज चक्रवाढ व्याज वर्गात सगळ्यात आधी मला जमलं, म्हणून घरी येताच मी आमच्या गृहकर्जाचं गणित सोडवलं. उत्तर बघून उडालेच! आई दवाखान्यात दुसऱ्या पाळीला, बाबा नेहमीसारखे ओव्हरटाइमला. जेवताजेवताच बाबांना फोन लावला. “बाबा, एका घरासाठी आपण दोन घरांचे पैसे भरतोय!” “माहितेय गं, प्राध्यापिकाबाई.” “कर्ज फिटेल तेव्हा मी पस्तीस वर्षांची असेन!” “मग काय, तेव्हापासून आपण तिघं रोज एकत्र जेवू,” ते हसून म्हणाले. तिकडून साहेबांची हाक आली, फोन बंद झाला. पस्तिशीत मी या घरात नसेनही, हे बाबांनी हिशोबात धरलंच नव्हतं. घराबरोबर हौसेनं आणलेल्या जेवणाच्या टेबलाच्या तीन खुर्च्यांपैकी माझीच वापरात होती. बाकी दोन्हींवर दुकानातलं प्लास्टिक तसंच होतं. मी ते टराटरा फाडलं आणि आई-बाबा येईपर्यंत माझं ताट झाकून ठेवलं.