मोजणी होईपर्यंत

कोर्टाच्या दाराबाहेर वकीलबाईंनी सगळ्यांना पुन्हा बजावलं, "आत कोणी बोलायचं नाही. खोकलासुद्धा जपून. मी बोलेन."

"आम्ही कशाला बोलतोय?" मावशी म्हणाली. "तुम्हाला उभं केलंय ते त्यासाठीच."

मावशी म्हणजे धुलाई कामगारांच्या सहकारी बँकेची अध्यक्ष. बँक एका खोलीची. सभासद सगळे कपडे धुणारे, वाळवणारे, इस्त्री करणारे. आज लॉन्ड्र्या बंद ठेवून बरेचसे आले होते. दाराशी उभे राहिले तरी अंगाला सोड्याचा वास येत होता.

भांडण नव्या नियमांशी होतं. सहकारी बँकांवर देखरेख ठेवणाऱ्या खात्याने ते काढले होते. एक नियम असा, की संचालकांनी ठरावीक वर्षांनंतर खुर्ची सोडायची. दुसरा असा, की निवडणुकीत ज्याचे शेअर जास्त, त्याची मतंही जास्त. मोठ्या बँका कोर्टात धावल्या त्या खुर्चीसाठी. मतांबद्दल त्यांचं काही म्हणणं नव्हतं. एका माणसाला एकच मत राहू द्या, म्हणून भांडणारी ही एकच बँक.

आणि आज खात्याने कोर्टाकडे मागणी केली होती, की सगळे अर्ज एकत्र बांधून ऐकावेत. तसं झालं, तर सगळ्यांत मोठ्या बँकेचा अर्ज वर राहणार, तिचेच वकील बोलणार, आणि निकाल मात्र सगळ्यांना लागणार.

"म्हणजे सगळ्यांचे कपडे एकाच भट्टीत," मावशीचा दीर म्हणाला. त्याचा जन्म इस्त्रीमागे गेला होता.

"भट्टी एक असू दे की," मावशी म्हणाली. "पण खूण घातल्याशिवाय आपण कपडा भट्टीत टाकतो का? मग कोणाचा सदरा कोणाच्या अंगात जाईल?"

"तेच सांगणार आहे मी," वकीलबाई म्हणाल्या. "आमचा मुद्दा वेगळा आहे, तो वेगळा ऐका. न्यायाधीशांनी हरकत विचारली की लगेच."

"पण विचारतील ना?"

"विचारावंच लागतं, मावशी."

आत पंखे फिरत होते. पुढच्या बाकांवर काळे कोट दाटीवाटीने बसले होते. सभासदांना मागची बाकं मिळाली. काही जण भिंतीला टेकून उभे राहिले.

मोठ्या बँकेचे वकील बोलले. मग खात्याचे वकील बोलले. एरवी एकमेकांचं तोंड न बघणारे दोघे आज एका सुरात होते. एकत्र ऐकलं तर कोर्टाचाही वेळ वाचेल, दोघेही म्हणाले.

न्यायाधीशांनी कागदावरून मान वर केली. "कोणाची हरकत आहे?"

वकीलबाई उठल्या. पण त्यांच्या आधी मागे काहीतरी हललं. मावशीने हात वर केला होता. मग दिराने. मग एकेक करत सगळ्यांनी. सोड्याने सोलवटलेले हात, इस्त्रीचे चट्टे पडलेले हात. आवाज मात्र कोणी केला नाही. तसं सांगितलंच होतं.

"हे काय चाललंय?" न्यायाधीशांनी विचारलं.

"आमचे सभासद आहेत, साहेब," वकीलबाई म्हणाल्या. "आपण विचारलंत, म्हणून. आमची हरकत आहे. मताचा मुद्दा दुसऱ्या कोणत्याच अर्जात नाही."

"मग मुख्य वकिलांना लिहून द्या. ते मांडतील."

"त्यांना तो मांडायचाच नाही, साहेब."

पुढच्या बाकावर कोणीतरी हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. मागे बघून ते शांतपणे म्हणाले, "इथे हात मोजत नाहीत," आणि लघुलेखकाला मजकूर सांगू लागले. सर्व अर्ज एकत्र करण्यात येत आहेत. एका अर्जदाराने हरकत घेतली. ती फेटाळण्यात येत आहे.

"एका?" दीर पुटपुटला.

"गप," मावशी म्हणाली. "हात वर ठेव."

समोर कारकुनाने सगळ्या फायली एकावर एक रचल्या. बँकेची फाईल पातळ होती, ती तळाशी गेली. त्याने फीत फिरवून गाठ मारली. पुढच्या खटल्याचा पुकारा झाला. काळे कोट उठले, दुसरे येऊन बसले. मागचे हात तसेच होते.

कोर्टाचा शिपाई बाकांमधून वाट काढत आला. "मावशी, झालं तुमचं. हात खाली घ्यायला सांगा."

"मोजले कुठे अजून?"

बँकेची ती रीत होती. पहिल्याच सभेत कोणीतरी न मोजता 'बहुमताने मंजूर' म्हणून मोकळं झालं होतं. तेव्हापासून मोजणारा रांगांतून फिरून आकडा सांगेपर्यंत एकही हात खाली येत नसे.

"अहो, साहेब बघतायत. माझी नोकरी जाईल."

"मग मोजा पटकन. आमचेही खांदे भरून आलेत."

शिपायाने एकदा समोर पाहिलं. मग बोट खाली धरून, ओठ हलवत, तो बाकांच्या कडेने गेला आणि भिंतीशी उभ्या असलेल्यांपर्यंत जाऊन आला. मावशीच्या कानाशी वाकून त्याने आकडा सांगितला.

मावशीने मान हलवली. "आणि त्या बाजूचे?"

"कोणत्या बाजूचे?"

"एकत्र करा म्हणणारे."

शिपायाने पुढच्या बाकांकडे पाहिलं. "तिकडे कोणी हात वर केलाच नाही, मावशी."

"एकानेही नाही?"

"नाही."

मावशीने हात खाली घेतला. मागोमाग सगळे हात खाली आले.

"मग ठराव पडला," ती म्हणाली, आणि दिराच्या खांद्याचा आधार घेऊन उठली.