पिस्तुलाच्या आवाजाआधी

धुक्यात काठ दिसेनासा झाला, तसा हिंकेने वेग कमी केला. मागून रेन्स्केच्या स्केट्सची करकर येत होती. संथ, एका लयीत.

"दमलीस काय गं म्हातारे?" रेन्स्के ओरडली.

"तुझ्यासाठी थांबलेय."

सात हिवाळ्यांनंतर तळं गोठलं होतं. अख्खं गाव बर्फावर उतरलं होतं, पण इथवर कुणाचा आवाज पोचत नव्हता. पायांखाली वीतभर बर्फ, त्याखाली काळं पाणी, वर सगळीकडे दुधाळ पांढरं. आपण सरकतोय की तळंच मागे चाललंय, हिंकेला कळेना.

चाळीस वर्षांपूर्वीही असंच झालं होतं. हेरेनफेनच्या बर्फाच्या मैदानावर पाचशे मीटरची जागतिक स्केटिंग शर्यत. आतल्या पट्ट्यात हिंके, बाहेरच्यात रेन्स्के. गर्दी घसा फोडून ओरडत असणार, पण हिंकेला काहीच ऐकू आलं नव्हतं. पाय आपले आपण निघाले आणि वळणं आपोआप मागे पडली. एक शतांश सेकंदाने ती जिंकली.

त्यानंतर ती शर्यतीत उतरलीच नाही. चोविसावं वर्ष, ऐन भरात. शिखरावर असताना थांबली म्हणून वर्तमानपत्रांनी तिचं कौतुक केलं. प्रशिक्षक श्यूर्ड मात्र वर्षभर तिच्याशी बोलला नाही. ती वडिलांच्या गाईंकडे परतली. पुढची तीन अजिंक्यपदं रेन्स्केने मिळवली, आणि प्रत्येक वेळी हिंके फुलं घेऊन हजर राहिली.

आता दोघी शेजारीशेजारी उभ्या होत्या. असा बर्फ पुन्हा आयुष्यात मिळेल न मिळेल, असं हिंकेच्या मनात आलं.

"मी का सोडलं, ते तू कधी विचारलं नाहीस."

"नाही विचारलं," रेन्स्के म्हणाली.

"त्या शर्यतीत एकदा मी इशाऱ्याआधीच निघाले होते, आठवतंय? पंचाने परत बोलावलं होतं. दुसऱ्यांदा तसं झालं असतं तर बाद."

"आठवतंय."

"दुसऱ्यांदाही झालं, रेन्स्के. पिस्तूल वाजायच्या आधी मी निघाले. केसभरच. पंचाला दिसलं नाही." हिंकेने स्केटच्या टोकाने बर्फावर एक रेघ ओढली. "ते सुवर्णपदक तुझं होतं. त्यानंतर सरावातही रेषेवर उभी राहिले की पाय पुढे निघायचेच नाहीत. तुझ्या डोळ्याला डोळा देता यायचा नाही."

रेन्स्केच्या पापण्यांवर दव गोठलं होतं.

"आणि एवढ्यासाठी तू सगळं सोडलंस?"

"एवढ्यासाठी म्हणजे? चोरीच ना ती! बोल काहीतरी. शिव्या तरी दे."

रेन्स्केने हातमोजा काढला आणि हिंकेचा हात घट्ट धरला.

"त्या दुसऱ्या वेळी आधी माझा खांदा हलला होता, हिंके. मुद्दाम हलवला होता मी, तू फसावीस आणि बाद व्हावीस म्हणून."