चार मिनिटांची विश्रांती

"कॅमेरा दोन, अजून जवळ. डोळा दिसू दे," दिग्दर्शक म्हणाला आणि लगेच पस्तावला. पडद्यावर आलेला तो सुजलेला डोळा त्याच्या मेहुण्याचा होता.

स्टेडियममागे उभ्या गाडीत तो चार माणसं आणि तीन पडद्यांसह कोंबून बसला होता. त्याने सुरुवात केली तेव्हा खेळ टीव्हीवर थेट दाखवायची विद्या कुणालाच अवगत नव्हती. पहिल्या फुटबॉल सामन्यात त्याचा एकुलता एक कॅमेरा चेंडू सोडून कुत्र्यामागे धावला होता. पण सहा वर्षांत त्याने असा जम बसवला, की आता मुष्टियुद्धाची घंटाही त्याच्या इशाऱ्यावर वाजे. दोन फेऱ्यांमध्ये एक मिनिट विश्रांती. तेवढ्यात जाहिरात. ती संपली की तो बटण दाबी, रिंगजवळ लाल दिवा लागे, मगच घंटा होई.

सकाळी मेहुणा म्हणाला होता, "भावोजी, तोंड जवळून दाखवा हं. ताई बघणार आहे."

ताई बघत होती. सातव्या फेरीनंतर तिचा फोन आला.

"थांबवा हो ते! मारून टाकतील त्याला."

"अगं, ते पंचाच्या हातात असतं."

"मग तुमच्या हातात काय आहे?"

आठवी फेरी संपली. मेहुणा चाचपडत स्टुलाशी पोचला आणि मान टाकून बसला. डॉक्टर दोरांमधून वाकून प्रशिक्षकाच्या कानाशी काही बोलत होते.

"साहेब, मिनिट झालं," सहायक बाई म्हणाल्या.

त्याचा हात बटणावरून मागे आला. "कॅमेरा बिघडलाय. तसं कळवा."

"कुठला?"

"कुठलाही!"

बाईंनी त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि निमूट कळवलं. बाहेर शिट्ट्या सुरू झाल्या. केंद्रातून वरिष्ठांचा फोन आला, "नोकरी जड झाली का?" त्याने रिसीव्हर उलटा टेबलावर ठेवला.

दोन मिनिटं. तीन. मेहुण्याची मान वर आली. त्याने पाणी मागितलं, चूळ भरली. चौथ्या मिनिटाला तो कॅमेऱ्याकडे बघून चक्क हसला.

दिग्दर्शकाच्या जिवात जीव आला. त्याने बटण दाबलं.

नवव्या फेरीत मेहुण्याने डोक्यावर दोन ठोसे खाल्ले आणि मग स्वतःचा असा एक ठेवून दिला, की समोरचा आडवाच. स्टेडियम दणाणलं. त्याने रिसीव्हर जागेवर ठेवताच बायकोचा फोन आला; ती रडत हसत होती.

"तुम्हीच काहीतरी केलंत ना? खरं सांगा!"

तो फक्त हसला.

थोड्या वेळाने गाडीच्या दारावर थाप पडली. डॉक्टर होते. आत न येता त्यांनी विचारलं, "त्याच्या घरचे तुम्हीच ना?"

"हो. का?"

"कपडे बदलताना कोसळला. मेंदूत रक्तस्राव. गेला."

"पण तो तर जिंकला..."

"आठव्या फेरीनंतर त्याच्या पायांत जीवच नव्हता. मी प्रशिक्षकाला सांगून ठेवलं होतं, घंटा झाली की हा उठणार नाही, लढत सोडून द्या." डॉक्टरांनी चष्मा काढला. "पण घंटाच होईना. वेळेवर झाली असती, तर हरला असता आणि घरी गेला असता."