भाकरीचा पापुद्रा

गुणाबाई भाकऱ्यांची टोपली घेऊन खारबांधावर पोचली, तेव्हा काम रंगात आलं होतं. समुद्र वर्षागणिक चढत होता, बांध उंच करायला गावोगाव माणसं हवी होती, आणि ते काम शिकवू शकणारा धर्मा, तिचा नवरा, गेल्या वर्षीच वारला होता. पण त्याआधी प्रशिक्षण केंद्रातल्या लोकांनी त्याला कांद्याच्या सालीसारखे पातळ मोजे घालून महिनाभर बांध घालायला लावला होता. त्याच्या हातांची हरेक हालचाल त्या मोज्यांनी टिपली होती. आता तसले मोजे चढवले, की शिकणाऱ्याचे हात धर्मासारखे चालत.

चिखलाचा गोळा थापून वर मनगट फिरवायची ती ढब गुणाबाईला लांबूनच ओळखू आली.

उधाण जवळ आलेलं, म्हणून आज मोजे न काढता, नुसते हात धुऊनच सगळे जेवायला बसले. पलीकडच्या मोहल्ल्यातल्या निलोफरने भाकरी घेतली, वरचा पापुद्रा अलगद सोलला आणि गुणाबाईपुढे धरला. मग तीच ओशाळली.

“मावशी, माझा हात आपोआपच...”

बघते तर बाकीच्यांचेही हात पुढे आलेले, प्रत्येकात एकेक पापुद्रा.

“या माणसाला किती वेळा सांगितलं होतं,” गुणाबाई फणकारली, “जेवताना तरी ते मोजे काढून ठेवा म्हणून!”

आणि तिथेच बांधावर बसून तिने एकूण एक पापुद्रा खाल्ला.