फुसाएचं वाचन

डोळे गेल्यापासून इसाकुला त्याची बायको फुसाए दर आठवड्याला साप्ताहिकातली कादंबरी वाचून दाखवायची. कादंबरीतली बाई बहिणीकडे जाते असं सांगून ओतारू शहरात प्रियकराला भेटायची.

एका गुरुवारी फुसाए ओतारूला बहिणीकडे गेली होती, म्हणून अंक आणायला इसाकुच काठी टेकत दुकानात गेला. त्याने त्या कादंबरीचं नाव सांगताच दुकानदार हसला.

“आजोबा, ती कादंबरी दोन वर्षांपूर्वीच संपली की! बाई नवऱ्याला सोडून गेली शेवटी.”

संध्याकाळी फुसाए परतली आणि नेहमीसारखी वाचायला बसली. दोन वर्षं ही मनानंच रचून वाचत होती! हिचा आवाज एकदाही कापला नव्हता. आणि ही मात्र दर वेळी घरी परत आली होती. इसाकु थक्क होऊन ऐकत राहिला. मग हळूच म्हणाला, “काय गं, नवऱ्याला कळलं का?”

पान उलटल्याचा आवाज आला.

“आजच कळलं,” ती वाचू लागली.