सणाच्या दिवशी खत

गाड्या निघाल्याच. खालच्या गल्लीतून चाकांची खडखड ऐकू आली आणि ओटिलीच्या हातातल्या पाकळ्या तिथंच सांडल्या. शाळेच्या दारापासून लिंडनच्या झाडापर्यंत बायका गुडघ्यांवर बसून रस्त्यावर फुलांची नक्षी काढत होत्या. सगळ्यांनी माना वर केल्या. कॅथलिकांचा ख्रिस्तशरीराचा सण होता, आणि एल्सेनरोट गावात या सणाला काय होतं ते शेंबडं पोरही सांगू शकलं असतं.

एल्सेनरोट प्रोटेस्टंट गाव, शेजारचं क्लोस्टरहाइम कॅथलिक. लूथरच्या काळापासूनची रीत अशी, की गुड फ्रायडेला, म्हणजे प्रोटेस्टंटांच्या सगळ्यात मोठ्या दिवशी, क्लोस्टरहाइमच्या बायका मुद्दाम वेशीवर धुणी वाळत घालणार. आणि ख्रिस्तशरीराच्या सणाला क्लोस्टरहाइमची मिरवणूक निघाली, की एल्सेनरोटचे शेतकरी तिच्या वाटेलगतच्या रानात ओलं, नाकातले केस जाळणारं शेणखत टाकणार. कैसर गेला, प्रजासत्ताक आलं, तेही बुडालं, दोन युद्धं हरून झाली. पण या कामात कुणी कसूर केली नाही.

या वर्षी, सत्तेचाळीस साली, मात्र पंचाईत झाली होती. कॅथलिक थेट गावातच येऊन राहिले होते. युद्धानंतर पोलंडकडे गेलेल्या सायलेशियातून हाकलून दिलेली जर्मन माणसं. ओटिली त्यांच्यातली. नवरा रशियात पडलेला, पदरात लहान मुलगी. सरकारने तिला आल्ब्रेख्त शेतकऱ्याच्या घरात धान्याच्या माळ्यावर जागा दिली होती. परवापर्यंत ‘एक रक्त, एक राष्ट्र’ म्हणून घसा फोडणारं गाव आता या लोकांना तोंडावर ‘पोलंडवाले’ म्हणत होतं. मास्तरांनी तर गुत्त्यात बिअर पिता पिता सिद्धच करून दाखवलं होतं, की खरा जर्मन तोच, ज्याचा आजा इथल्या मातीत पुरलाय. हेच मास्तर पूर्वी वंश शुद्ध आहे का ते ठरवायला पोरांच्या डोक्यांची मापं घेत फिरायचे.

ओटिलीने मनाशी ठरवलं होतं. आपली मिरवणूक निघायच्या या रस्त्यावर आज घाण पडली, तर पोरीचा हात धरायचा आणि सरळ निर्वासितांच्या छावणीत परत जायचं. तिथं पत्र्याखाली उकडून निघू, पण निदान कुणी नाक तरी मुरडणार नाही.

काल संध्याकाळी गोठ्यात ती आल्ब्रेख्तशी बोलली होती.

“मालक, उद्या गाड्या आणू नका.”

“रीत आहे,” तो गाईच्या आचळांवरून मान न उचलता म्हणाला. “बापाने खत टाकलं, आज्याने टाकलं. मिरवणुकीची एवढी हौस आहे तर जा की क्लोस्टरहाइमला. तुमच्याच पंथाचे आहेत ते.”

“मी गेले होते. ते म्हणाले, या, आमच्यात चाला. वर फिदीफिदी हसले. म्हणे, एल्सेनरोटमधून उकिरडा निघतो, मिरवणूक कुठली निघायला?”

“असं म्हणाले?”

“म्हणाले. मी त्यांना सांगून आले, मी एल्सेनरोटची आहे, माझी मिरवणूक तिथूनच निघेल.” मग तिला रडू फुटलं आणि रडू फुटल्याचाच राग आला. “तिकडच्यांनी आम्हाला जर्मन म्हणून हाकललं, मालक. तुम्ही पोलंडवाले म्हणून हाकला. मग देवाने आमच्यासाठी तिसरं गाव कुठं ठेवलंय, तेवढं सांगा!”

आल्ब्रेख्त उठला. बादली आत ठेवली, दाताळं उचललं आणि उकिरड्याकडे गेला. तो उकिरडा उपसत असल्याचा आवाज ती माळ्यावरून ऐकत राहिली.

आणि आता पुढच्या गाडीवर तोच बसला होता. ओटिली उठली आणि रस्त्याच्या मधोमध उभी राहिली.

“घाला गाडी अंगावर!”

“बाजूला हो, बाई. घोडी बुजेल.”

तो खाली उतरला. गाडीची मागची फळी त्याने ओढली, तशी ओटिलीने डोळे गच्च मिटून घेतले. धपकन काहीतरी पडलं. वास आला तो ताज्या कापलेल्या गवताचा.

तिने डोळे उघडले. समोर गवताचा ढीग होता, अजून ओलसर, हिरवागार. पावसाने ओढ दिली होती, गावातल्या गाईंच्या बरगड्या मोजून घ्याव्यात अशी गत होती, आणि या माणसाने ओढ्याकाठचं पहिलं गवत कापून आणलं होतं. मागच्या दोन गाड्यांतून शेजारचे शेतकरी वाट सजवायला बर्चच्या डहाळ्या उतरवू लागले. आल्ब्रेख्तची बायको परडीभर फुलं घेऊन आली आणि कुणाकडे न बघता खाली बसली.

“उभ्या काय राहिलात?” आल्ब्रेख्त बायकांवर खेकसला. “पसरा! चांगला जाड थर घाला.”

ओटिली पसरू लागली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते पुसायचंही तिला सुचेना.

गवत पसरून होईतो क्लोस्टरहाइमची मिरवणूक आटोपून तिथले फादर इथल्या मिरवणुकीसाठी सायकलवरून आले. ते नाकाला रुमाल लावूनच. चेहरा रागाने लालबुंद. ओटिलीने घाबरून इकडेतिकडे हुंगून पाहिलं. इथं तर गवताशिवाय कसलाच वास नव्हता. तिच्या मनात पाल चुकचुकली.

“मालक,” ती आल्ब्रेख्तजवळ जाऊन हळूच म्हणाली, “काल उपसलेलं खत कुठंय?”

“कुठं म्हणजे? उजाडायच्या आत टाकून आलो, क्लोस्टरहाइमच्या वेशीवर. दरवर्षीच्या दुप्पट.” आल्ब्रेख्तने घोडीची मान थोपटली. “आपल्या मिरवणुकीपेक्षा त्यांची सरस ठरली असती, तर आपण तोंड कुठं दाखवायचं?”